पोटात दुखणाऱ्याची साक्ष

निमिष टिपणीस सिटी कौन्सिलच्या निवडणुकीला उभा राहिला, तेव्हा सनीव्हेलमध्ये दारोदार त्याची पत्रकं वाटणाऱ्यांत संग्राम इंगवले सगळ्यात पुढे होता. कारण साधं होतं. माणूस पडताना जवळून बघायला मिळावा, एवढीच त्याची इच्छा होती.

निमिष पडला नाही.

हे २००१ साल. संग्राम त्याच वर्षी बायकोबरोबर अमेरिकेत आला होता. खरं तर बायकोमुळे, पण तो 'बरोबर' म्हणायचा. रुचा चिप बनवणाऱ्या कंपनीत इंजिनियर होती आणि संग्राम व्हिसावर तिचा डिपेंडंट. साताऱ्याच्या जिल्हा न्यायालयात ज्याने चार वर्षं वकिली केली, ज्याच्या उलटतपासणीत एका तलाठ्याला भर कोर्टात रडू फुटलं, तो माणूस आता दुपारच्या वेळी अपार्टमेंटच्या लाँड्री रूममध्ये 'ड्रायर आधी कोणाचा' या विषयावर युक्तिवाद करायचा. जिंकायचाही. पण जिंकून मिळायचा तो ड्रायरच.

आणि इकडे निमिष. मनोहरकाका आणि शोभनाकाकू टिपणीसांचा एकुलता एक, जन्म इथलाच, वयाने संग्रामच्याच जोडीचा आणि तोही वकील. ज्यांना वकील परवडत नाही अशांच्या फौजदारी केसेस सरकारी पगारावर लढायचा. उंच होता, दात सरळ होते, केस जागच्या जागी होते. खोट काढायला जागा होती ती फक्त त्याच्या मराठीत, आणि तिथेही लोकांनी पंचाईत करून ठेवली होती. मराठी मंडळाच्या पाडव्याच्या कार्यक्रमात निमिष माइकवर म्हणाला, "मी तुम्हा सगळे लोकांना खूप प्रेम करतो." अख्खा हॉल विरघळला. "किती गोड बोलतो गं!" बायका एकमेकींना म्हणाल्या. त्यानंतर संग्रामने आभारप्रदर्शन केलं. शुद्ध, ओघवतं, मध्ये दोन संस्कृत सुभाषितं पेरलेलं. संपल्यावर समोर बघतो तर सगळे जेवणाच्या रांगेत.

"तू पण बार एक्झाम दे ना," रुचा म्हणायची. "कॅलिफोर्नियात इंडियन वकिलांना बसू देतात. मी चेक केलंय."

"देऊन करू काय? डिपेंडंटला काम करता येत नाही."

या उत्तरावर त्याची पाच वर्षं आरामात गेली. मग २००६ साली ग्रीन कार्ड आलं आणि ते उत्तर कामातून गेलं. संग्राम आठवडाभर उदास होता. रुचाला वाटलं, देश आठवत असेल. आठव्या दिवशी त्याने जाहीर केलं की इथला कायदा आपल्याला तत्त्वतः पटत नाही.

निमिषवर जळणं मात्र त्याने कधी टाळलं नाही. ते तो रोजच्या रोज करायचा, लोक सूर्यनमस्कार घालतात तसं. कौन्सिलच्या सभा केबलवर दाखवायचे. घरात कोणी नसताना संग्राम त्या पूर्ण बघायचा. निमिष कधी चिडला, कधी चुकला, कोणत्या ठरावाला काय बोलला, हे निमिषपेक्षा संग्रामला जास्त ठाऊक होतं. आणि नगरसेवक म्हणून निमिष किती कुचकामी आहे याचे पुरावे त्याच्याकडे होते.

पहिला पुरावा तिकिटाचा. रस्ता झाडायच्या दिवशी गाडी बाहेर राहिली म्हणून संग्रामला तिकीट, म्हणजे दंडाची पावती, मिळालं. तो निमिषकडे गेला.

"जरा शब्द टाक की."

"कुठे टाकू?" निमिषने खरंच विचारलं.

"अरे, फोन कर कोणाला तरी. नगरसेवक ना तू?"

"ड्यूड, ते मी नाही करू शकत. पण तू अपील करू शकतो! थांब, मी तुला फॉर्म देतो."

फॉर्म! साताऱ्यात नगरसेवक म्हणजे रात्री-अपरात्री पोलीस चौकीतून पोरं सोडवून आणणारा माणूस. त्याच्या दारात चपलांचा ढीग असतो. आणि हा फॉर्म देतो. वर पेनही देतो.

दुसरा पुरावा काजूकतलीचा. दिवाळीला संग्रामने अर्धा किलोचा बॉक्स दिला, तर निमिषने एक वडी उचलून तोंडात टाकली, डोळे मिटून "वॉव" म्हणाला आणि बाकीचा बॉक्स परत दिला. पदावर असताना गिफ्ट घेत नाही म्हणे. तिसरा पुरावा गणपतीचा. मंडळाला पार्कात उत्सव करायची परवानगी हवी होती. ठराव आला आणि निमिष उठून बाहेर गेला. आई मंडळाच्या कमिटीवर आहे म्हणून मत देणार नाही! ठराव कसाबसा पास झाला. स्वतःच्या गणपतीला पाठ दाखवणारा माणूस, असं संग्रामने रुचाला सांगितलं. रुचा म्हणाली, "तू भाजीला फोडणी देणार आहेस की मी देऊ?"

तरी संग्रामला एक आशा होती. राजकारणी माणसाचं एक बरं असतं, तो कधी ना कधी पडतो. २००५ च्या निवडणुकीत पडला नाही, तर २००९ मध्ये पडेल. संग्रामला घाई नव्हती.

आणि मग २००७ मध्ये इंडियन ग्रोसरीच्या दुकानात भेंडीपाशी शोभनाकाकूंनी त्याला गाठलं.

"कोणाला बोलू नकोस हं संग्राम," काकू म्हणाल्या. हे त्यांचं कोथिंबिरीपाशी आणि डाळींपाशी आधीच दोघांना सांगून झालं होतं. "निमिषचं नाव चाललंय. फेडरल जज म्हणून! आधी एफबीआय सगळी चौकशी करते, शेजारीपाजारी विचारते, मग प्रेसिडेंट नाव पाठवतात, मग सिनेट."

संग्रामने हातातली भेंडी खाली ठेवली. "वा! किती वर्षांची टर्म असते, काकू?"

"टर्म कुठली रे? फेडरल जज जन्मभर असतो."

संग्रामने भेंडीचं टोक मोडून बघितलं. मग दुसरीचं मोडलं. मग तो मोडतच राहिला, तेव्हा दुकानदाराने काउंटरवरून ओरडून सांगितलं की मोडलेल्या सगळ्या घ्याव्या लागतील. त्या आठवड्यात इंगवल्यांकडे तीनदा भेंडी झाली.

जन्मभर! निवडणूक नाही, विरोधक नाही, पडायची सोयच नाही. आता निमिषला थांबवायला या चौकशीखेरीज जगात काही उरलं नव्हतं.

चौकशी सुरू झाली आणि एक चमत्कार घडला. शनिवारी सकाळी वरच्या मजल्यावरचा एकनाथ पायजम्यावर धावत खाली आला.

"यार संग्राम, एफबीआय आली होती घरी! एक बाई. निमिषबद्दल विचारत होती."

"मग? काय सांगितलंस?"

"सांगितलं, ओळखत नाही."

"एकनाथ, तुझ्या पोरीच्या बारशाला तो पाळण्याशेजारी उभा होता."

"माहितीये रे! त्याचा फोटो पण आहे हॉलमध्ये, पोरीला घेऊन. बाई बरोब्बर त्याच्या खालीच बसली होती. मला घाम फुटला. पण माझं ग्रीन कार्ड अडकलंय यार, चार वर्षं झाली. एफबीआयच्या कागदावर आपलं नाव कशाला? आमचे बाबा म्हणायचे, पोलिसांनी विचारलं की पहिलं उत्तर नाही, दुसरंही नाही."

"बाकीच्यांनी काय सांगितलं?"

"उत्तरानेही नाहीच सांगितलं. ती तर म्हणाली, मी मराठीच नाही."

उत्तरा मंडळाची सेक्रेटरी होती.

संग्रामने गंभीर चेहऱ्याने मान हलवली, दार लावलं आणि सोफ्यावर बसून कुशनमध्ये तोंड खुपसून हसला. देव आहे! आयुष्यभर ज्यांच्या बारशा-मुंजींना निमिष जातीने हजर राहिला, त्यांनीच त्याला बुडवलं होतं. संग्रामला काहीही करायची गरज नव्हती. पण आलेली संधी सोडेल तो वकील कसला? आपणही पायाच्या एक-दोन विटा काढू, असं त्याने ठरवलं. त्याला एफबीआयची भीती नव्हती. मत्सराने माणूस निर्भय होतो.

बेल वाजली. एजंट हॉलोवे पन्नाशीच्या होत्या, पायांत सपाट बूट, चेहऱ्यावर चार घरचा चहा पिऊन आलेल्या माणसाची सोशिकता. बोलणं अर्थातच इंग्रजीत झालं. संग्रामचं इंग्रजी कोर्टातलं होतं. तो बोलायला लागला की समोरच्याला आपण आरोपी आहोत असं वाटायचं.

"निमिष टिपणीसना तुम्ही ओळखता?" बाईंनी थकून विचारलं.

"आरपार," संग्राम म्हणाला. "तुम्हाला वेळ आहे ना?"

बाई सावरून बसल्या.

"त्यांच्याविषयी तुमच्या मनात काही आकस?"

"छे!" संग्रामने तिकिटापासून सुरुवात केली. "शेजारी म्हणून एक साधं काम सांगितलं. तिकीट रद्द करून दे. साफ नकार!"

"म्हणजे पद वापरायला नकार दिला."

"तोंडावर! वर मला फॉर्म दिला. आमच्याकडे असा नगरसेवक पुढच्या वेळी डिपॉझिट घालवून बसतो."

बाई लिहायला लागल्या. त्या लिहितात हे बघून संग्रामला चेव आला. त्याने काजूकतली काढली.

"सणाची मिठाई परत केली! मिठाई परत करणं म्हणजे आमच्याकडे सोयरीक मोडण्यासारखं आहे."

"सगळी परत केली?"

"एक खाल्ली."

"एक," बाईंनी लिहिलं.

"ते पार्कचं राहिलं, सांग की," किचनमधून रुचा ओरडली. तिला कित्येक महिन्यांत इतकी मजा आली नव्हती.

संग्रामने पार्कचं सांगितलं. स्वतःच्या आईची कमिटी, स्वतःचा गणपती, आणि हा मतदानाला खोलीबाहेर! बाईंनी पान उलटलं आणि मान वर न करता म्हणाल्या, "पुढे?" त्यांच्या ओठाच्या कोपऱ्यात हसू दिसल्यासारखं वाटलं.

आपला साक्षीदार उलटतोय, हे चांगल्या वकिलाला साक्षीदाराच्याही आधी कळतं. संग्रामलाही कळलं. अडचण एवढीच होती की साक्षीदार तो स्वतःच होता.

"तुम्ही स्वतः काय करता?" बाईंनी विचारलं.

"वकील आहे."

"अरे वा! कुठे प्रॅक्टिस करता?"

किचनमधला मिक्सर नेमका तेव्हाच बंद झाला.

"सध्या," संग्राम म्हणाला, "वाचन चालू आहे."

बाईंनी तेही लिहिलं. मग पेन खाली ठेवलं.

"एक शेवटचं. मिस्टर टिपणीसनी लिहून दिलंय की गेली वीस वर्षं ते इथल्या मराठी लोकांच्या सुखदुःखात आहेत. मी या कॉम्प्लेक्समधली सगळी मराठी घरं फिरले. तुम्ही सोडून त्यांना कोणीही ओळखत नाही. एक बाई तर मराठी कॅलेंडरखाली बसून म्हणाल्या, आम्ही मराठी नाही. आता मला सरळ सांगा. हे मिस्टर टिपणीसनी खोटं लिहिलंय का?"

आलं! यापेक्षा सोपा झेल कोणी कोणाला दिला नसेल. 'असेल बुवा' एवढं म्हटलं की खेळ खलास. खोटं लिहून देणारा माणूस जज होत नाही. खोटी साक्षसुद्धा नाही ही. नुसते खांदे उडवले तरी पुरे. संग्रामने खांदे उचलले.

आणि ते वरच राहिले.

एकतर साताऱ्यात त्याच्या चांगल्या चालणाऱ्या केसेस फितूर साक्षीदारांनीच बुडवल्या होत्या. 'मी त्या दिवशी गावात नव्हतो' म्हणणाऱ्या माणसाचा चेहरा त्याला झोपेतही ओळखता आला असता. पण ते एक वेळ त्याने गिळलं असतं. गिळवेना ते दुसरंच. निमिषला कोणी ओळखतच नाही, असं कागदावर लागलं, तर संग्राम इंगवले सहा वर्षं जळला कोणावर? एका अनोळखी, उपऱ्या, कोणाच्या खिजगणतीत नसलेल्या माणसावर? असल्यावर तर कोणीही जळेल. आपल्या मत्सराचा एवढा अपमान त्याला सहन होईना.

"मॅडम," खांदे खाली घेत तो म्हणाला, "ते सगळे त्याला ओळखतात. आमच्याकडे पोलिसांना 'माहीत नाही' म्हणणं म्हणजे 'कृपा करून माझं नाव लिहू नका' म्हणणं. त्यांना जबाब दुरुस्त करू द्याल?"

बाईंनी घड्याळ पाहिलं. "तासभर आहे मी."

संग्रामने फोन उचलला. "एकनाथ, खाली ये. आणि भिंतीवरचा बारशाचा फोटो घेऊन ये."

"वेड लागलंय का तुला? माझं ग्रीन कार्ड..."

"एफबीआयला खोटं सांगणं हा इथे गुन्हा आहे. ग्रीन कार्ड त्याने अडकेल, फोटोने नाही. बाई खरं ऐकायला बसल्यात, तोवर ये. आणि हे वकील म्हणून सांगत नाहीये, परवाना नाही माझ्याकडे. शेजारी म्हणून सांगतोय. पॅन्ट घालून ये."

एकनाथ पॅन्ट घालून आला. फोटो त्याने छातीशी धरला होता, पासपोर्टसारखा. "मॅडम, मी मघाशी जरा..."

"तू भाषण करू नकोस," संग्राम म्हणाला. "विचारतील तेवढ्याचं उत्तर दे. हा फोटोतला माणूस कोण?"

"निमिष."

"त्याच्या हातात कोण?"

"माझी मुलगी. तिने त्याच्या टायवर ओकारी काढली होती, मॅडम. पण तो काही बोलला नाही."

मग उत्तरा आली आणि पहिल्या वाक्यातच आपण मराठी असल्याचं तिने कबूल केलं. तिच्या सासऱ्यांना रात्रभर हॉस्पिटलमध्ये सोबत करणारा निमिषच होता. मग आणखी कोणी, मग आणखी. बातमी जिन्याने पसरली. आता कोणाला भीती राहिली नव्हती, उलट आपण मागे राहू की काय अशी धास्ती होती. रुचाने मोठ्या पातेल्यात पोहे टाकले. "आमच्या डोळ्यांसमोर लहानाचा मोठा झाला हो," असं एकाने डोळे पुसत सांगितलं. तो २००४ साली आला होता. बाईंनी ते वाक्य खोडलं. संग्राम सगळ्यांच्या मागे उभा राहून एकेकाला पुढे सोडत होता, ऐकीव माहितीला अडवत होता. "तू पाहिलंस की ऐकलंस? ऐकलंस? मग बस." सहा वर्षांत त्याचा आवाज इतका खणखणीत लागला नव्हता.

शेवटी माणसं पांगली आणि दारापाशी बाईंनी त्याला विचारलं, "आकस नाही म्हणालात मघाशी. तो जबाब तसाच ठेवायचा?"

जो माणूस वाइटावर आहे आणि तरी ज्याला वाईट सापडत नाही, त्याच्या शब्दाला वजन असतं, हे कायद्याच्या पहिल्या वर्षाला शिकवतात.

"दुरुस्त करा," तो म्हणाला. "जळतो मी त्याच्यावर. भयंकर जळतो."

"का?"

"तुम्ही आत्ता जे लिहिलंत, त्यामुळेच."

बाईंनी उभ्या उभ्या ते लिहून घेतलं.

२००८ च्या वसंतात सिनेटने निमिषच्या नावाला मंजुरी दिली. सॅन होजेच्या फेडरल कोर्टात शपथविधीला अख्खं मंडळ पैठण्या नेसून, जॅकेटं घालून हजर झालं. ज्यांनी 'ओळखत नाही' म्हटलं होतं ते सगळे पहिल्या दोन रांगांत होते. चौकशीत कोण काय बोललं हे गुप्त असतं, त्यामुळे निमिषला संग्रामच्या साक्षीचा पत्ताच नव्हता. एकनाथने मात्र आपली साक्ष स्वतःच गावभर सांगितली होती, पायजम्याचा भाग वगळून.

मनोहरकाका आणि शोभनाकाकूंनी निमिषच्या अंगावर जजचा काळा झगा चढवला. निमिष बोलायला उभा राहिला. "माझे मराठी लोक," तो मध्येच मराठीत म्हणाला, "माझ्यासाठी उभे राहिले. एकनाथ, थँक यू, मॅन." टाळ्या पडल्या. एकनाथने उठून चारी दिशांना नमस्कार केला.

संग्रामला वाटलं होतं की पोटातली दुखण्याची जागा एव्हाना भरली असेल. तसं नव्हतं. एकनाथसाठी तिथे भरपूर जागा होती.

"ऑल राइज!" कोर्टाचा माणूस ओरडला. नवे जज आता आत जाणार होते. सगळा हॉल उठला. संग्राम बसून राहिला. एवढंच त्याच्या हातात होतं. या देशातल्या एका फेडरल जजसाठी एक माणूस उठला नाही, हे निदान त्याच्या स्वतःच्या नोंदीला राहिलं असतं.

"ऊठ ना!" रुचाने कोपर मारलं.

"नाही उठत."

निमिषने वरून पाहिलं. उभ्या माणसांत बसलेला एकच माणूस लगेच दिसतो. त्याचा चेहरा बदलला. तो दाराकडे जायचा थांबला, टेबलावरचा ग्लास उचलून व्यासपीठाच्या पायऱ्या उतरला आणि काळा झगा सावरत, रांगेतून वाट काढत, संग्रामसमोर चक्क गुडघ्यावर बसला.

"संग्राम, आर यू ओके? चक्कर येते का तुला? पाणी पी. हळू पी."

मग मागून कोणीतरी बाई हुंदका आवरत म्हणाली, "बघा गं, केवढा मोठा झाला, तरी..." शोभनाकाकूंनी पदर डोळ्यांना लावला. कोणीतरी फोटो काढला. कोर्टाचा माणूस दोन्ही हात पुढे करून उभा होता, पडला तर झेलावं म्हणून.

आता चक्कर आली नाही म्हणायची सोय उरली नव्हती. संग्रामने डोळे अर्धवट मिटले, फेडरल जजच्या हातातून ग्लास घेतला आणि प्यायला. पाणी गार होतं, गोड होतं. त्यातही काही खोट निघेना.